हं म्हटलं की थांबायचं

हे मी आजवर कुणाला सांगितलं नाही. आईला नाही, मैत्रिणींना नाही. एकदा बाथरूममध्ये नळ मोठा सोडून स्वतःशीच बोलून पाहिलं होतं, पण शेवटचं वाक्य तेव्हाही तोंडातच राहिलं. ते फार लहान वाक्य आहे. तरी त्याच्यापाशी पोचायला मला मोठा वळसा घालावा लागणार आहे, हे आधीच सांगून ठेवते.

तुम्ही मला भेटलात तर मी तुम्हाला बहुतेक आवडेन. मी हळू बोलते. वाद घालत नाही. कुणी टोचून बोललं तर मान खाली घालते आणि लोकांना वाटतं, गरीब आहे बिचारी. मी फिजिओथेरपिस्ट आहे. गुडघ्याचे, खांद्याचे म्हातारे पेशंट म्हणतात, "मॅडम, तुमचा हात लय मऊ हाय."

मऊ आहे. त्या हाताबद्दलच बोलायचं आहे.

आमचं घर वर्ध्याच्या कडेला, सावंगीकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या एका कॉलनीत. बाबा सरकारी अधिकारी, आई शिक्षिका. हॉलमध्ये बुद्धाची पांढरी मूर्ती, सोफ्याला पांढरी कव्हरं, आणि मी पहिलीपासून इंग्रजी शाळेत. आमच्याकडे चिकन व्हायचं, मासे व्हायचे. डुकराचं मटण मात्र नाही. त्याचं नावही निघायचं नाही.

वडनेरला, माझ्या आत्याकडे, निघायचं. हिवाळ्यात तिच्या मोहल्ल्यात डुक्कर कापलं की घराघराचे वाटे पडायचे. लहानपणी सुट्टीत मी तिथे जायचे तेव्हा कपाशीच्या वाळक्या पऱ्हाटीच्या जाळावर भाजलेलं कातडं खाल्लंय मी. तोंड काळं, बोटं काळी, आणि दाताखाली कुडुम कुडुम. आत्या हसायची आणि आणखी एक तुकडा माझ्या हातावर ठेवायची. "मामाले सांगू नको व," हे तिची मुलगी प्रणाली मला बजावायची. प्रणालीचा मामा म्हणजे माझे बाबा.

एकदा आत्याच आमच्याकडे आली. एसटीनं, मांडीवर स्टीलचा डबा धरून. मी तेव्हा शाळेत होते, सहावी-सातवीत. बाबांनी गेटपाशीच डब्याचं झाकण उघडलं, आत पाहिलं, आणि तो डबा रस्त्यावर फेकला. नुसता टाकला नाही, हात मागे नेऊन फेकला. समोरच्या भिंतीवर रस्सा उडाला. डबा आपटून घरंगळत नालीपाशी गेला आणि दोन कुत्री धावत आली. बाबांनी माणसावर कधी हात उचलला नाही. ते वस्तू फेकायचे. नोकरीच्या सुरुवातीला ऑफिसात त्यांच्या डब्यावरून कुणी काहीतरी बोललं होतं, असं आईनं मला पुढे कधीतरी सांगितलं. काय बोललं ते त्यांनी तिलाही सांगितलं नव्हतं.

आत्यानं कुत्र्यांना हाकललं, डबा उचलला, आमच्या अंगणातल्या नळावर धुतला. डब्याच्या पोटाला पोचा पडला होता. तो तिनं अंगठ्यानं दाबून पाहिला, निघाला नाही. मग पाणीही न पिता ती बसस्टँडकडे चालायला लागली.

मी खिडकीच्या पडद्यामागे होते. तुम्हाला वाटेल मला आत्याची दया आली असेल. खरं सांगू? मला वाटलं, समोरच्या बंगल्यातल्यांनी पाहिलं नसावं.

राग आला की मी बोलत नाही. माझा राग हातात उतरतो. कणीक मळताना आई म्हणायची, अगं, कुणाचा जीव घेतेयस? हे मी तेव्हा लक्षात घ्यायला हवं होतं. असो, पुन्हा भरकटते आहे मी.

बारावीनंतर प्रणाली नर्सिंगला लागली आणि आमच्याकडे राहायला आली. आईनं बाबांना तयार केलं. माझ्या खोलीत दुसरी कॉट पडली. प्रणाली माझ्याहून वर्षानं लहान, मला ताई म्हणायची, आणि हसायची ते तीन घरं ऐकू जाईल असं. ती डावखुरी होती. लिहायची डाव्यानं, पोळी लाटायची डाव्यानं, उशीवर इंजेक्शन टोचायचा सराव करायची तोही डाव्यानं. तिसऱ्या वर्षाला आली तोवर तिचा हात इतका बसला होता की वॉर्डातली लहान मुलं इंजेक्शन म्हटलं की तिलाच बोलावतात, असं ती सांगायची. फुशारकी नव्हती त्यात. आनंद होता. त्या घरात ती एकटीच आनंदानं मोठ्यानं बोलायची. मला तिचा लोभ होता — हे लिहिताना हात अडखळतो, पण होता.

आणि मला तिची लाजही वाटायची. दोन्ही एकाच वेळी असू शकतं का? असू शकतं.

माझ्या कॉलेजात माझ्या तीन मैत्रिणी होत्या. त्यातली अनन्या नागपूरची, बाकी दोघी पुण्याकडच्या. मी त्यांना कधी खोटं सांगितलं नाही. त्यांना जे समजायचं ते समजू दिलं, एवढंच. गावाबद्दल विचारलं की मी म्हणायचे, आम्ही वर्ध्याचेच. आडनावावरून कुणी काही अंदाज बांधायला लागलं की विषय बदलायचे. यात मी फार हुशार झाले होते. कुठल्या प्रश्नामागून कुठला प्रश्न येणार, हे मला आधीच ऐकू यायचं.

अनन्याला वेगवेगळं खायची हौस होती. तिच्यामुळे मी ते व्हिडिओ पाहायला लागले. त्यात एक होता कॅन्टोनीज पद्धतीच्या लेट्यूस रॅपचा: डुकराच्या मटणाचा हातानं केलेला खिमा, आलं, लसूण, भिजवलेले मश्रूम, सोया सॉस, ऑयस्टर सॉस, मोठ्या आचेवर पटापट परतायचं आणि लेट्यूसच्या गार पानाच्या वाटीत भरून खायचं. मी तो किती वेळा पाहिला, सांगता येणार नाही. त्या स्वयंपाकघरात सगळं स्वच्छ होतं. डुकराला तिथे पोर्क म्हणत होते, आणि पोर्क म्हटलं की ते काचेच्या ताटात बसतं. मला ती चव हवी होती. जिभेला आठवत होतं, पण तिला वडनेरहून एसटीनं येऊ द्यायचं नव्हतं. हाँगकाँगहून यावी ती.

म्हणून मी अनन्याला म्हटलं, "मी करून घालते तुम्हाला. मीही पहिल्यांदाच खाणार आहे." हे खोटं मात्र मी बोलले. अगदी स्पष्ट बोलले.

आई-बाबा एका लग्नाला अमरावतीला जाणार होते. रविवार ठरला. लेट्यूस अनन्या नागपूरहून आणणार होती. मटणाचं काय? मी प्रणालीला विचारलं. तिचे डोळे चमकले.

"आई देईन ना. परवाच कापनार हायेत. तू टेन्शन काऊन घेतं? फक्त मामाले नाव सांगू नको, नाई तं मले अन् तुले दोघीले फेकून देईन रस्त्यावर."

शनिवारी ती वडनेरला गेली आणि रविवारी सकाळच्या गाडीनं परत आली. पिशवीतून तिनं डबा काढला. पोटाला पोचा असलेला तोच डबा. मग बाभळीचा एक जाड ओंडका, आणि फडक्यात गुंडाळलेले दोन जड सुरे.

"मिक्सरात नाई होत खिमा. मिक्सरात लगदा होते. आमच्याकडे दोघी बसतेत. एक मारते, एक गोळा करते."

तिनं मला ते शिकवलं. ओंडका जमिनीवर ठेवायचा. एकीनं दोन्ही हातांत सुरे घेऊन आळीपाळीनं मारायचे — डावा, उजवा, डावा, उजवा, ढोल वाजवल्यासारखे. मटण पसरत जातं. समोर बसलेली दुसरी "हं" म्हणते. मारणारी थांबते, सुरे वर धरते. दुसरी हात घालून पसरलेलं मटण मध्ये ओढते, हात काढते, पुन्हा "हं" म्हणते, की मारणं सुरू.

"हं म्हनलं की थांबजो," ती म्हणाली. "सारं त्याच्यावरच हाय. माही आई अन् काकू बोलत-बोलत करतेत, हं कधी म्हनलं ते आपल्याले समजत बी नाई."

मी मारायला बसले. सुरुवातीला घाबरत, मग हात सुटला. काय वाटलं ते सांगायला मला शरम वाटते: बरं वाटलं. सुऱ्याचं वजन हातातून निसटतं, मांसात शिरतं, खाली लाकडावर ठाप बसतो. पुन्हा. पुन्हा. चरबीचे पांढरे दाणे उडायचे. दंडापर्यंत झिणझिण्या यायच्या. इतकी वर्षं जे गिळलं होतं ते सगळं हातातून बाहेर जात होतं, असं वाटायचं.

"ताई, एवढ्या जोरानं काऊन मारून राह्यली? मटन हाय थे, दुश्मन नोहे."

आम्ही दोघी हसलो. ती शिंगाडे सोलत होती. व्हिडिओतल्या वॉटर चेस्टनटच्या जागी शिंगाडे चालतात, असं मी वाचलं होतं. "म्हंजे चिनी लोक बी आपल्यासारखेच," ती म्हणाली. "शिंगाडा खातेत, डुक्कर खातेत. फक्त पोयीच्या जागी बकरीचा पाला घेतेत." आम्ही व्हिडिओत सांगितल्याप्रमाणे सगळं केलं. कढई धूर येईपर्यंत तापवली, आधी आलं-लसूण, मग खिमा, सोया सॉसचा चर्र आवाज, शेवटी शिंगाड्याचे तुकडे. चमच्यानं चाखलं आणि माझ्या तोंडात वडनेर आलं. सॉस, मश्रूम, सगळ्याच्या खाली ते होतंच. प्रणालीनं माझ्याकडे पाहिलं. तिलाही तेच आलं होतं. तो क्षण चांगला होता, आणि तो होता हे मला इथे लिहायचं आहे, कारण त्यानंतर जे केलं ते मी शत्रूशी केलं नाही.

मैत्रिणी आल्या. मी काचेच्या प्लेटा काढल्या. लेट्यूसची पानं बर्फाच्या पाण्यातून काढून निथळली. हॉलमध्ये चौघी बसलो. प्रणाली आत-बाहेर करत होती. ये, बस, असं मी तिला म्हटलं नाही. "माझी कझिन" एवढंच सांगितलं. त्यांनी खाल्लं आणि लगेच दुसरं पान उचललं. मग अनन्या म्हणाली, "सिरियसली, असं नागपुरात कुठेच मिळत नाही. तू काय जादू केलीस?" सगळं संपलं. त्यांना आणखी हवं होतं. डब्यात मटण उरलं होतं, म्हणून मी आत जाऊन ओंडक्यापाशी बसले आणि एकटीच मारायला लागले.

प्रणाली पानांची परडी घेऊन बाहेर गेली होती. स्वयंपाकघराचं दार उघडं होतं. मला सगळं ऐकू येत होतं.

अनन्यानं विचारलं असावं, तू केलंस का हे? कारण प्रणाली हसत म्हणाली, "मी नाई जी, ताईनंच केलं. तिच्या हाताले लहानपनापासून माहीत हाय. आमच्या वडनेरले येवाची ना, तं पह्यले कातडं मांगे. तोंड सारं काळं करून बसे. एकदा माह्या आईनं आत हाय ना, त्याच डब्यात आनून देल्लं होतं, तं मामानं डबाच फेकून देल्ला रस्त्यावर. कुत्र्याइची दिवायी झाली त्या दिशी."

ती हे वाईट हेतूनं बोलली नाही. मी सगळ्या बाजूंनी तपासलंय. हेतू वाईट असता तर मला आज किती सोपं गेलं असतं. ती मला मान देत होती, माझ्या हाताला गुण आहे म्हणत होती. स्वतःच्या आईचा अपमान तिनं हसण्यावारी नेला, म्हणजे पाहुण्यांना हसू यावं.

त्या हसल्या. मग अनन्या म्हणाली, "पण ती तर म्हणाली पहिल्यांदाच... म्हणजे तुमच्याकडे हे नेहमीचंच आहे?"

"आमच्या लोकाइत चालते ना जी."

आमच्या लोकांत. मी मारत होते, तरी उघड्या दारातून मला एक हात दिसला. पुण्याच्या दोघींपैकी एकीचा. तिच्या हातात शेवटचं पान होतं, अर्धं खाल्लेलं. तिनं ते प्लेटमध्ये ठेवलं. टाकलं नाही, तोंड वाकडं केलं नाही, नुसतं ठेवलं आणि बोटं टिश्यूला पुसली. कदाचित तिचं पोट भरलं असेल. हे मी तिला कधी विचारू शकले नाही.

प्रणाली आत आली. अजून हसतच होती. माझ्यासमोर बसली. मी मारत होते, डावा, उजवा, डावा, उजवा. खिमा ओंडक्याच्या कडेपर्यंत गेला होता.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे ते असं: तिनं बोलण्याच्या नादात न सांगता हात घातला आणि सुरा बसला. घरात हेच सांगितलं जातं. आत्याला हेच माहीत आहे. टाके घालणाऱ्या डॉक्टरांना हेच सांगितलं गेलं.

आणि हे कुणी सांगितलं? प्रणालीनं. स्कूटीवर, मागे बसलेल्या अनन्याच्या ओढणीत हात गुंडाळलेला, ओढणीतून रक्त टपटप रस्त्यावर पडत होतं आणि ती दोघींच्या मध्ये बसून म्हणत होती, "मीच हं म्हनलं नाई. मीच हात घातला. ताईची चूक नाई." स्कूटी मी चालवत होते. मी मागे वळून पाहिलं नाही. हॉस्पिटलात तिनं पुन्हा तेच सांगितलं. मला कुणीतरी विचारलं, "असंच झालं का?"

मी मान डोलावली.

मी इथे थांबू शकते. पुष्कळदा इथेच थांबले आहे. रात्री जागी असताना स्वतःला कबुली दिली तीही इथपर्यंतच: तिनं हं म्हटलं होतं, मी ऐकलं होतं, पण हात वेगात होता, थांबवता आला नाही. एवढी कबुलीही जड वाटायची. आपण फार प्रामाणिक झालो असं वाटून मी झोपी जायचे.

पण तेही खरं नाही.

तिनं हं म्हटलं. मी थांबले. दोन्ही सुरे वर धरले, तिनं शिकवलं होतं तसेच. तिनं डावा हात घातला आणि तळवा पालथा करून खिमा मध्ये ओढला. तिच्या तर्जनीवर पेनाची निळी शाई होती, मला ती दिसली. म्हणजे पाहायला वेळ होता. ती खाली बघत म्हणाली, "लय चांगल्या हायेत तुह्या मैत्रिनी." आणि मी उजवा सुरा खाली आणला.

सुरा सुटला नाही. घसरला नाही. मी मारला.

लाकडावर बसतो तसा ठाप झाला नाही. वेगळा, आखूड आवाज झाला. हाडाचा. सुरा थोडा अडकला आणि मला तो ओढून काढावा लागला. ती ओरडली नाही. तिनं आधी हाताकडे नाही, माझ्याकडे पाहिलं. किती वेळ? फार नाही. रक्त खिम्यात उतरलं आणि खिमा पहिल्यापेक्षा लाल झाला, तेवढा वेळ. मग मी "अगं आई गं, प्रणाली," असं ओरडले. ते ओरडणं चांगलं जमलं. मैत्रिणी धावत आल्या.

म्हणजे तिनं पाहिलं होतं. आणि तरी स्कूटीवर ती म्हणाली, मीच हं म्हनलं नाई.

परत आल्यावर मी एकटीनं स्वयंपाकघर साफ केलं. खिमा वर्तमानपत्रात गुंडाळून मागच्या गल्लीत नेऊन टाकला. कुत्री आली. मी पाहत उभी राहिले.

संध्याकाळी आई-बाबा परतले. बाबांनी ओंडका पाहिला, डबा पाहिला आणि त्यांना सगळं कळलं. "हे घरात कुणी आणलं?" त्यांनी विचारलं. आतल्या कॉटवरून, हाताला बँडेज बांधलेली प्रणाली म्हणाली, "मीच आनलं, मामा. मलेच खा वाटलं. ताई तं मले मदत करत होती." बाबांनी ओंडका उचलला आणि अंगणात आपटला. फरशी फुटली. मग डबा फेकला, या वेळी गेटच्या बाहेर नाही, भिंतीवर. "हात बरा झाला की दुसरीकडे सोय बघ," ते म्हणाले. मी दाराला टेकून उभी होते. तेव्हाही मी एक शब्द बोलले नाही. आधी सुरा मारला, आता दोषही तिच्यावरच जाऊ दिला.

तर्जनीचं हाड जुळलं, पण वरचं टेंडन, बोट हलवणारा दोर, हाडाला चिकटलं. बोट ताठ झालं, वाकेना. व्यायाम द्यावे लागणार होते, आणि घरातच फिजिओथेरपी शिकणारी मुलगी होती.

रोज सकाळी मी तिचा हात माझ्या मांडीवर घ्यायचे आणि ते बोट वाकवायचे. अशा बोटाला दुखवल्याशिवाय हलवता येत नाही. जिथे ते अडायचं त्याच्या थोडं पुढे दाबायचं आणि धरून ठेवायचं. तिच्या डोळ्यांतून पाणी यायचं, ओठ पांढरे पडायचे. "दाब, ताई," ती म्हणायची. "दाबल्याशिवाय कसं होईन?" मी दाबायचे. त्या वेळी मला आतून काय वाटायचं ते मी पूर्ण ओळखत नाही. पश्चात्ताप होताच. पण ती मला जितकी माफ करत होती तितकं मी जास्त दाबत होते, हेही खरं आहे.

बोट वाकलं नाही.

ती उजव्या हातानं शिकायला लागली. सिरिंज धरली की बोटांतून निसटायची. औषधाचे काचेचे ॲम्प्यूल फुटायचे. एकदा एका लहान मुलाला तिनं तीनदा टोचलं, तरी शीर सापडली नाही. त्या दिवशी ती घरी आली, पुस्तकं पिशवीत भरली आणि वडनेरला गेली. शेवटची परीक्षा तिनं दिली नाही. मला तिच्या जाण्यानं सुटल्यासारखं वाटलं. खोली पुन्हा माझी झाली. दुसरी कॉट आईनं गच्चीवर ठेवली.

मी पास झाले. पहिल्या वर्गात. घरी पेढे वाटले.

प्रणालीचं लग्न झालं. जाम गावच्या चौकात, हायवेला लागून, तिच्या नवऱ्याची चहा-नाश्त्याची टपरी आहे, आणि ती चालवते खरं तर तीच. सांबारवडी म्हणजे कोथिंबिरीची वडी, आलुबोंडे, चहा. मी आता त्याच बाजूला नोकरी करते, नागपूरला जाता-येता माझी बस तिथे थांबते आणि मी उतरते. पहिल्यांदा उतरले तेव्हा मला वाटलं होतं, आज सांगेन. पाठ केलं होतं. ती कोथिंबीर चिरत होती, उजव्या हातानं, हळूहळू. मला पाहून हसली. तेच हसणं, तीन घरं ऐकू जाईल असं. "अवं ताई, ये ना, बस." आणि बोलता-बोलता तिनं हातातली सुरी पुसली आणि काउंटरच्या खाली ठेवून दिली.

मला वाटलं, काम संपलं असेल.

पुढच्या वेळी ती कांदा कापत होती. अर्धा कांदा तसाच राहिला, सुरी खाली गेली. त्याच्या पुढच्या वेळी मी मुद्दाम लांबून, उसाच्या रसवंतीपाशी उभी राहून पाहत होते. गिऱ्हाइकं येत होती, जात होती, सुरी पाटावरच होती. ट्रक ड्रायव्हर समोर टेकून उभे होते, सुरी पाटावरच होती. मग मी रस्ता ओलांडून गेले. "आली का ताई," ती म्हणाली, आणि सुरी खाली गेली. तिचं बोलणं अडखळलं नाही. माझ्याकडे पाहिलंही नाही. तिच्या हाताला हे इतकं सवयीचं झालंय की बोलता-बोलता होतं, आत्या आणि काकूंच्या हं सारखं.

तिनं कधी काही विचारलं नाही. मी कधी काही सांगितलं नाही. दर वेळी ती माझ्याकडून पैसे घेत नाही, आणि दर वेळी मी बसते, चहा पिते, आई-बाबा बरे आहेत म्हणते.

मागच्या आठवड्यात पुन्हा उतरले. तिची मुलगी आता चालायला लागली आहे. ती काउंटरच्या अलीकडे, माझ्या बाकड्यापाशी माती खेळत होती. मला पाहिल्यावर प्रणालीनं आधी तिला हाक मारली. "इकडे ये व, इकडे ये माह्याजवळ." मुलगी गेली. मग सुरी खाली गेली. मग तिनं चहा गाळला आणि ग्लास माझ्यापुढे धरला. तिनं तो डाव्या हातानं धरला होता. ते बोट वाकत नाही, त्यामुळे ग्लास देताना ते सरळ पुढे, माझ्याकडे राहतं.

"साखर कमीच टाकली, तुले लागते तशी," ती म्हणाली.

मी ग्लास घेतला. चहा गरम होता. बसनं हॉर्न वाजवेपर्यंत मी तिथेच बसून तो प्यायले.